कंपनी बुडाली, मालक शाबूत: कंपनीचा पडदा बाजूला सारण्यासाठी धनकोने काय करावे

माल उचलणारी खासगी मर्यादित कंपनी दिवाळखोरीत निघते, तिच्या खात्यात काहीच शिल्लक नसते, आणि तिचेच संचालक जवळच्याच गाळ्यात मिळत्याजुळत्या नावाच्या नव्या कंपनीतून तोच धंदा, त्याच गिऱ्हाइकांसह चालवताना दिसतात. अशा वेळी वकिलाकडे आलेल्या पुरवठादाराची पहिली मागणी ठरलेली असते: कंपनीचा पडदा बाजूला सारा आणि मालकाकडून पैसे वसूल करा. मागणी रास्त असली तरी अर्जात ती एवढ्याच शब्दांत मांडली, तर बहुतेक वेळा पदरी निराशा येते. पडदा सारण्याचे सर्वसाधारण तत्त्व आपल्याकडे बरेच अरुंद आहे. मात्र त्याच मुक्कामाला नेणारी नेमकी कलमे दिवाळखोरी संहितेत, कंपनी कायद्यात आणि महाराष्ट्राच्या स्वतःच्या एका कायद्यात आहेत. कोणत्या परिस्थितीत कोणते कलम धरायचे आणि त्यासाठी कोणते कागद आधी हाताशी हवेत, हे येथे क्रमाने पाहू.

आधी तत्त्वाची मर्यादा समजून घ्या

कंपनी ही तिच्या भागधारकांहून वेगळी कायदेशीर व्यक्ती आहे, हा नियम लंडनच्या सॅलोमन या बूट बनवणाऱ्या व्यावसायिकाच्या खटल्यात हाउस ऑफ लॉर्ड्सने 1896 मध्ये पक्का केला. बहुतेक सगळे भाग एकाच माणसाचे असले, तरी कंपनीचे कर्ज त्याचे होत नाही. या नियमाला अपवाद करण्यात मुंबई उच्च न्यायालय फार मागे नव्हते. सर दिनशा माणेकजी पेटिट प्रकरणात (1927) एका धनाढ्य करदात्याने चार खासगी कंपन्या काढून आपला लाभांश व व्याज त्यांच्या नावे जमा केले होते आणि तेच पैसे ‘कर्ज’ म्हणून स्वतःकडे परत घेतले होते. त्या कंपन्या म्हणजे तो स्वतःच, असे न्यायालयाने धरले.

सर्वोच्च न्यायालयाने एस्कॉर्ट्स प्रकरणात (1986) पडदा केव्हा सारता येतो याची ढोबळ चौकट दिली: कायद्यानेच तशी तरतूद केली असेल तेव्हा, फसवणूक किंवा गैरवर्तन रोखायचे असेल तेव्हा, करविषयक वा कल्याणकारी कायदा चुकवला जात असेल तेव्हा, किंवा कंपन्या एकमेकींत इतक्या गुंतलेल्या असतील की प्रत्यक्षात त्या एकच उद्योग असतील तेव्हा. दिल्ली विकास प्राधिकरण विरुद्ध स्किपर कन्स्ट्रक्शन (1996) हे याचे सर्वांत ठसठशीत उदाहरण आहे. तेथे न्यायालयाचे आदेश धुडकावून लोकांकडून पैसे गोळा करणाऱ्या बांधकाम कंपनीच्या संचालकाची व त्याच्या कुटुंबीयांची मालमत्ता न्यायालयाने थेट कक्षेत आणली. पण 2014 च्या बलवंत राय सलुजा विरुद्ध एअर इंडिया या निकालात सूर बराच सावध झाला: कंपनी हा निव्वळ देखावा होता आणि जबाबदारी टाळण्याच्या हेतूनेच तो उभा केला होता, हे दिसल्याशिवाय पडदा सारायचा नाही. नुसते नियंत्रण, समान संचालक, समान पत्ता किंवा शंभर टक्के मालकी यांपैकी काहीही एकट्याने पुरेसे ठरत नाही. अनेक अर्ज येथेच अडतात, कारण त्यांत नात्यांची यादी असते, व्यवहार मात्र एकही नसतो.

पहिली पायरी: पडदा सारण्याची गरज आहे का, ते तपासा

पुष्कळदा ती नसते. पुरवठ्याचा करार, क्रेडिटचा अर्ज, पर्चेस ऑर्डर आणि खाते उघडताना घेतलेले कागद काढून बघा. त्यात संचालकाची वैयक्तिक हमी असेल तर तो स्वतःच्या सहीने बांधला गेलेला आहे. कंपनीवरचा मोरेटोरियम (दिवाळखोरी प्रक्रियेच्या काळात वसुलीला मिळणारी स्थगिती) जामीनदाराला संरक्षण देत नाही, हे संहितेच्या कलम 14(3)(ब) मध्ये स्पष्ट आहे. वैयक्तिक जामीनदारांविरुद्धची प्रक्रिया 15 नोव्हेंबर 2019 च्या अधिसूचनेने सुरू झाली. ललितकुमार जैन निकालात (2021) ती वैध ठरली आणि मूळ कंपनीची रिझोल्यूशन योजना (कंपनी वाचवण्याची व देणी फेडण्याची योजना) मंजूर झाल्याने जामीनदार आपोआप सुटत नाही, असेही न्यायालयाने म्हटले.

दुसरी बाब न वटलेल्या चेकची. बँकेचा रिटर्न मेमो हाती आल्यापासून 30 दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यापासून पैसे देण्यास 15 दिवस आणि त्यानंतर महिनाभरात तक्रार, हे परक्राम्य संलेख कायद्याच्या कलम 138 चे वेळापत्रक आहे. मोहनराज विरुद्ध शाह ब्रदर्स इस्पात (1 मार्च 2021) या निकालानुसार मोरेटोरियम काळात कंपनीविरुद्धचा चेकचा खटला थांबतो, पण कलम 141 खाली जबाबदार असलेल्या संचालकांविरुद्धचा चालू राहतो. छोट्या पुरवठादाराच्या दृष्टीने, माझ्या मते, याहून स्वस्त आणि परिणामकारक हत्यार दुसरे नाही, आणि तरीही मुदत गेल्यावरच ते आठवते.

दुसरी पायरी: कागद गोळा करा, आणि ताळेबंदापाशी थांबा

कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या पोर्टलवर ठरावीक शुल्क भरून कोणत्याही कंपनीची सार्वजनिक कागदपत्रे पाहता येतात. जुनी कंपनी आणि संशयित नवी कंपनी किंवा एलएलपी (मर्यादित दायित्वाची भागीदारी) अशा दोन्हींची घ्या: वार्षिक विवरणपत्र, वित्तीय विवरणे, संचालक बदलाचे फॉर्म, तारणनोंदी, नोंदणीकृत पत्त्यातील बदल. कंपनी कायद्याच्या कलम 90 खाली लाभार्थी मालकाची घोषणा झाली असेल तर नामधारी भागधारकांमागे कोण आहे तेही कळते. जमीन किंवा गाळा गेला असल्यास नोंदणी व मुद्रांक विभागाचा इंडेक्स-2 काढा.

हे कागद कसे वाचायचे ते एका कल्पित उदाहरणाने पाहू. समजा, भोसरीतील एका सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीचा दिवाळखोरीचा अर्ज 1 जुलै 2024 रोजी दाखल करून घेतला गेला. 2022-23 च्या ताळेबंदात स्थावर व यंत्रसामग्रीच्या तक्त्यात ‘वजावट’ या स्तंभाखाली 40 लाख रुपये पुस्तकी किमतीचे एक सीएनसी यंत्र कमी झालेले दिसते. नफातोटा पत्रकात यंत्रविक्रीवरचा तोटा 34 लाख दाखवला आहे, म्हणजे यंत्र 6 लाखांना गेले. आता रोख प्रवाह पत्रक बघा: तेथे यंत्रविक्रीतून आलेली रक्कम शून्य आहे. मग 6 लाख गेले कुठे? देण्यांच्या बाजूला ‘संचालकांकडून घेतलेले विनातारण कर्ज’ बरोबर 6 लाखांनी उतरलेले आहे. याचा अर्थ बँकेतून एक रुपयाही न फिरता केवळ जर्नल नोंदीने यंत्र संचालकाच्या भावाच्या एलएलपीकडे गेले आणि त्याच नोंदीने संचालकाचे जुने कर्जही ‘फिटले’. संबंधित पक्षांच्या व्यवहारांच्या टिपेत हा व्यवहार नसेल, तर ते वगळणेही पुरावाच ठरते. शेवटी त्या एलएलपीची तारणनोंद काढा. तेच यंत्र महिन्याभराने बँकेकडे 38 लाख मूल्य दाखवून तारण ठेवलेले आढळले, तर मूल्यांकनाचा वाद जवळपास तेथेच मिटतो.

तिसरी पायरी: व्यवहाराला योग्य कलमात बसवा

संहितेत वेगवेगळ्या वाटा आहेत आणि त्यांची सरमिसळ महागात पडते. कलम 43 प्राधान्य व्यवहारांसाठी आहे: जुन्या देण्यापोटी एका धनकोला किंवा जामीनदाराला असे काही दिले की लिक्विडेशनच्या (कंपनी मोडीत काढून पैसे वाटण्याच्या) क्रमवारीत त्याला मिळाले असते त्याहून तो वरचढ ठरला. कलम 45 कमी मोबदल्यात मालमत्ता देण्यासाठी आहे. या दोन्हींसाठी मागे पाहण्याची मुदत संबंधित पक्षाबाबत दोन वर्षे आणि इतरांबाबत एक वर्ष आहे. कलम 50 अवाजवी व्याजाच्या कर्जांबाबत आहे आणि प्रत्यक्षात क्वचितच लागते. मालमत्ता धनकोंच्या हाती लागू नये म्हणून मुद्दाम केलेल्या कमी मोबदल्याच्या व्यवहारांसाठी कलम 49, आणि धनकोंना फसवण्याच्या हेतूने धंदा चालवण्यासाठी कलम 66 आहे. या दोन्हींत अशी दोन वर्षांची भिंत नाही, पण हेतू सिद्ध करण्याचा भार आहे. कलम 66(2) हा भार थोडा हलका करते: दिवाळखोरी टळण्याची वाजवी शक्यता उरलेली नाही हे संचालकाला माहीत होते किंवा माहीत असायला हवे होते, आणि तरीही धनकोंचे नुकसान कमी करण्यासाठी त्याने योग्य ती काळजी घेतली नाही, एवढे दाखवले तरी त्याला वैयक्तिक भरपाईचा आदेश होऊ शकतो.

‘फसवणूक’ हा शब्द सर्वांत जोरदार वाटतो म्हणून सगळे कलम 66 कडे धावतात. जेपी इन्फ्राटेकच्या प्रकरणाने उलटा धडा दिला. त्या कंपनीने आपली जमीन मूळ कंपनी जयप्रकाश असोसिएट्सने घेतलेल्या कर्जांसाठी गहाण टाकली होती. अर्जातील जमीन सुमारे 858 एकर होती. 26 फेब्रुवारी 2020 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे गहाण मुख्यतः कलम 43 खाली रद्दबातल ठरवले आणि त्या कलमाला हेतूचा पुरावा लागत नाही, व्यवहाराचे स्वरूप व परिणाम पुरतात, हे सांगितले. ‘हा तर आमचा नित्याचा व्यवहार होता’ हा बचाव देणाऱ्या व घेणाऱ्या दोघांच्याही बाबतीत खरा असावा लागतो, केवळ बँकेचा नित्याचा व्यवहार असून भागत नाही, असाही अर्थ न्यायालयाने लावला. शिवाय प्रत्येक कलमाचे घटक वेगळे असल्याने त्यांची तथ्येही वेगळी मांडली पाहिजेत, असे बजावले. वरच्या उदाहरणातील यंत्र म्हणूनच आधी कलम 43 व 45 मध्ये बसवावे (संचालकाचे कर्ज फिटणे हे प्राधान्य, 40 लाखांचे यंत्र 6 लाखांना जाणे हा कमी मोबदला), आणि 66 ची मागणी वेगळ्या परिच्छेदांत, वेगळ्या तथ्यांवर उभी करावी.

मुदतीची गणना दिवाळखोरी प्रक्रिया सुरू झाल्याच्या दिवसापासून मागे होत आली आहे. ही गणना आणि धनकोंचे अधिकार यांत बदल सुचवणारे विधेयक ऑगस्ट 2025 मध्ये लोकसभेत मांडले गेले, म्हणून अर्ज करण्याच्या दिवशी लागू असलेला कलमांचा पाठ वकिलाकडून अवश्य तपासून घ्यावा.

चौथी पायरी: दावा दाखल करा आणि रिझोल्यूशन प्रोफेशनलला कामाला लावा

एनसीएलटीने (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाने) अर्ज दाखल करून घेतल्यावर जाहीर सूचना निघते. पुरवठादाराने फॉर्म ब, वित्तीय धनकोने फॉर्म क, घर घेणाऱ्याने फॉर्म सीए आणि कामगाराने फॉर्म ड मध्ये मुदतीत दावा द्यावा. स्वतः प्रक्रिया सुरू करायची असेल, तर थकबाकी किमान एक कोटी असावी लागते; ही मर्यादा 24 मार्च 2020 पासून आहे.

कलम 43, 50 व 66 खालचा अर्ज मुळात रिझोल्यूशन प्रोफेशनलने (प्रक्रियेच्या काळात कंपनीचा कारभार पाहण्यासाठी नेमलेल्या व्यावसायिकाने) किंवा लिक्विडेटरने करायचा असतो. धनकोला स्वतःच्या नावाने थेट दार उघडे आहे ते मुख्यतः कलम 47 चे: कमी मोबदल्याचा व्यवहार झाला असून त्यांनी तो कळवला नाही, तर. त्यामुळे त्यांना पुरवलेली माहिती हेच तुमचे खरे योगदान असते. दिवाळखोरी प्रक्रियेच्या नियमावलीतील नियम 35अ नुसार त्यांनी प्रक्रिया सुरू झाल्यापासून 75 व्या दिवसापर्यंत मत बनवायचे, 115 व्या दिवसापर्यंत निष्कर्ष काढायचा आणि 130 व्या दिवसापर्यंत अर्ज करायचा असतो. म्हणून पहिल्या महिन्यातच त्यांना ईमेल व स्पीड पोस्टने पत्र द्या. त्यात व्यवहाराची तारीख, रक्कम, पक्ष, त्यांचे नाते, कोणत्या कागदाच्या कोणत्या पानावर नोंद आहे आणि कोणते कलम लागते, एवढे क्रमवार लिहा. चोर, लबाड, लुटारू ही विशेषणे वगळा. तुमच्या खतावणीचा उतारा, जीएसटी बिले, ई-वे बिले, कंपनीच्या कर्मचाऱ्यांशी झालेले व्हॉट्सअॅप व ईमेल जोडा. डिजिटल पुराव्यासाठी भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चे प्रमाणपत्र लागेल, म्हणून तो ज्या फोनवर आहे तो फोन विकू नका. संशयास्पद व्यवहार तपासणारा ट्रान्झॅक्शन ऑडिटर नेमला का, हे विचारा. माजी संचालक कागद देत नसतील तर कलम 19 खाली एनसीएलटीकडून आदेश आणता येतो, याची आठवणही द्या.

पाचवी पायरी: मिळणारा पैसा कोणाचा, हे आधीच ओळखा

येथे अनेकांचा भ्रमनिरास होतो. कलम 44, 48 किंवा 67 खालचा आदेश झाला तरी मालमत्ता अथवा भरपाई कंपनीच्या तिजोरीत येते, तक्रार करणाऱ्याच्या खात्यात नाही. लिक्विडेशन असेल तर कलम 53 च्या क्रमाने वाटप होते आणि त्या रांगेत विनातारण पुरवठादार बराच मागे असतो. रिझोल्यूशन योजना असेल तर वसुली धनकोंना जाणार की नव्या मालकाला, हे योजनेतच ठरते. मुंबईच्या दिवाण हाउसिंग फायनान्सच्या योजनेत कलम 66 खालच्या संभाव्य वसुलीचे मूल्य फक्त एक रुपया धरून ती यशस्वी अर्जदाराला देण्याचे ठरले होते. यावर झालेल्या लांबलचक वादात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल 2025 मध्ये धनको समितीचा तो व्यापारी निर्णय कायम ठेवला. योजना मंजूर झाली म्हणून असे अर्ज निकाली निघत नाहीत, हे दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने व्हीनस रिक्रूटर्स प्रकरणात जानेवारी 2023 मध्ये स्पष्ट केले आहे. पण ‘अर्ज जिवंत आहे’ आणि ‘पैसे मला मिळतील’ यांत मोठे अंतर आहे. समितीत तुमचा आवाज असेल, तर मतदानापूर्वी योजनेतील हे एक कलम शोधून वाचा.

गटातील इतर कंपन्यांपर्यंत पोहोचायचे असेल तर

उपकंपनीची मालमत्ता ही मूळ कंपनीची मालमत्ता नाही, हे संहितेच्या कलम 18 च्या स्पष्टीकरणात आणि कलम 36(4) मध्ये लिहिलेले आहे, आणि बीआरएस व्हेंचर्स निकालात (जुलै 2024) सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा सांगितले. तरीही हिशेब, कर्जे आणि हमी यांची गुंतवळ इतकी असेल की कंपन्या वेगळ्या काढणेच अशक्य व्हावे, तर एनसीएलटीने प्रक्रिया एकत्र केल्याची उदाहरणे मुंबईतच आहेत: ऑगस्ट 2019 मध्ये व्हिडिओकॉन गटातील 15 पैकी 13 कंपन्या, आणि फेब्रुवारी 2020 मध्ये लवासा कॉर्पोरेशन व तिच्या दोन उपकंपन्या. अशा अर्जात समान संचालकांपेक्षा एकत्रित कर्जकरार, परस्पर हमी आणि एकमेकींच्या खात्यांत फिरणारा पैसा यांचे तक्ते कामी येतात.

बुडवणाराच मागच्या दाराने कंपनी परत विकत घेऊ पाहत असेल, तर कलम 29अ वापरा. एस्सार स्टीलच्या लढतीत ऑक्टोबर 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अर्जदारांमागच्या कंपन्या व ट्रस्ट यांचा पडदा सारून खरे नियंत्रण कोणाचे, हे पाहिले. अर्जदार आर्सेलरमित्तलने उत्तम गॅल्व्हा या थकबाकीदार कंपनीतील भाग आदल्या क्षणी विकून अपात्रता धुतली जात नाही असे ठरवले, आणि थकबाकी भरण्यासाठी दोन आठवडे दिले. कायद्यानेच आडपडदा न ठेवता ‘कोणासोबत संगनमताने’ असे विचारले असल्यामुळे येथे न्यायालयाचा हात मोकळा असतो.

दिवाळखोरीबाहेरच्या वाटा

कंपनी कायदा 2013 चे कलम 339 लिक्विडेशनमध्ये फसवणुकीने धंदा करणाऱ्यांवर अमर्याद वैयक्तिक जबाबदारी टाकते. मात्र उषा अनंतसुब्रमण्यन निकालात (2020) सर्वोच्च न्यायालयाने त्याची कक्षा आखली: ज्या कंपनीचा धंदा फसवणुकीने चालवला गेला, तिच्याच संदर्भात हे कलम लागते, दुसऱ्या संस्थेच्या अधिकाऱ्यावर ते ओढूनताणून लावता येत नाही. कलम 447 ची शिक्षा दहा वर्षांपर्यंत आहे, पण त्याची तक्रार सामान्य धनको स्वतः न्यायालयात करू शकत नाही. ती गंभीर फसवणूक अन्वेषण कार्यालयाच्या संचालकाने किंवा केंद्र सरकारने अधिकृत केलेल्या अधिकाऱ्याने करायची असते. कलम 213 खाली एनसीएलटीकडे चौकशीची मागणी करणे हा धनकोसाठी त्यातल्या त्यात सुलभ मार्ग आहे.

तुम्ही पुरवठादार नसून ठेवीदार असाल, तर महाराष्ट्राचा ठेवीदार हितसंरक्षण कायदा (एमपीआयडी, 1999) आधी बघा. त्याच्या कलम 4 खाली संस्थेची मालमत्ता अपुरी पडल्यास प्रवर्तक, संचालक, भागीदार यांची मालमत्ताही जप्त करता येते, म्हणजे पडदा सारण्याचे काम विधिमंडळानेच करून ठेवले आहे. 2013 मध्ये सुमारे 5,600 कोटींच्या थकबाकीत कोसळलेल्या नॅशनल स्पॉट एक्स्चेंजच्या प्रकरणात हा फरक लख्ख दिसतो. ते एक्स्चेंज मूळ कंपनीत सक्तीने विलीन करण्याचा केंद्राचा 2016 चा आदेश सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल 2019 मध्ये रद्द केला, पण एप्रिल 2022 मध्ये त्याच एक्स्चेंजला एमपीआयडीखालची ‘वित्तीय संस्था’ ठरवून मूळ कंपनीच्या मालमत्तेवरील जप्ती उचलून धरली. अशी तक्रार पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेकडे द्यायची असते. सोबत ठेवीच्या पावत्या, परतफेडीचे लेखी आश्वासन आणि पैसे कोणत्या खात्यात गेले ते दाखवणारा बँकेचा उतारा जोडावा, कारण जप्तीची अधिसूचना काढताना सक्षम प्राधिकाऱ्याला पैशाचा माग मालमत्तेपर्यंत नेऊन दाखवावा लागतो.